वॉटर पंप : निदान आधी, पाना नंतर

गाडी गरम व्हायला लागली की गॅरेजमध्ये तीन नावं हमखास निघतात : थर्मोस्टॅट, वॉटर पंप आणि हेड गॅस्केट. पहिल्याचा खर्च किरकोळ, दुसऱ्याचा मध्यम, तिसऱ्याचा खिसा रिकामा करणारा. तिन्ही बिघाडांत दिसतं मात्र एकच, काटा चढतो. मग अंदाजाने पंप बदलला जातो आणि आठवड्याभरात गाडी पुन्हा तापते. किंवा पंप खरोखर गेलेला असतो, तरी ‘पाणी टाकत राहा, चालेल’ असा सल्ला मिळतो आणि शेवटी हेड काढून लेथवर न्यावं लागतं.

वॉटर पंप ओळखायचा कसा, बदलायचा कधी आणि कसा, आणि याबाबत मालक-मेकॅनिकांत जे मतभेद आहेत त्यांत तथ्य किती, याचा हा आढावा. माझं म्हणणं सुरुवातीलाच सांगतो. वॉटर पंप आपणहून क्वचित मरतो. त्याचं कारण बहुतेक वेळा कूलंटमध्ये, पट्ट्यात नाहीतर मागच्या दुरुस्तीत असतं. ते कारण न शोधता बसवलेला नवा पंपही त्याच वाटेने जातो.

पंपाचं काम

इंधन जळून निघणाऱ्या उष्णतेपैकी ढोबळमानाने तिसरा हिस्साच कामी येतो. साधारण तेवढाच हिस्सा सायलेन्सरवाटे जातो आणि उरलेल्याचा मोठा भाग कूलंटला वाहून न्यावा लागतो. सिलिंडरमध्ये ज्वलनाच्या क्षणी तापमान २००० अंश सेल्सिअसच्या वर जातं आणि हेड ज्या ॲल्युमिनियमचं असतं, ते ६६० अंशांच्या आसपास वितळतं. अशा ठिकाणी कूलंट ९० ते १०० अंशांच्या आसपास राखायचं, तर ते सतत फिरतं ठेवावं लागतं. छोट्या गाडीत कूलंट असतं चार ते सहा लिटर. वेगात असताना पंप तेच कूलंट मिनिटाला कितीतरी वेळा इंजिनातून रेडिएटरकडे आणि परत फिरवतो.

ज्याने विहिरीवरचा मोटर-पंप उघडलेला पाहिला आहे, त्याला गाडीचा पंप नवा वाटणार नाही. मध्यभागी पाणी येतं, पंख्याची पाती ते बाहेरच्या अंगाला फेकतात. फरक एवढाच की इथे पाणी उंच चढवायचं नसतं, बंद वाटेतून फिरवायचं असतं. पंखा म्हणजे इंपेलर, त्याचा शाफ्ट, शाफ्टचं बेअरिंग आणि बेअरिंगला पाण्यापासून वाचवणारं सील, एवढाच हा पंप.

यातलं सील नीट समजून घ्यायला हवं. स्प्रिंगने दाबलेली कार्बनची एक गुळगुळीत कडी सिरॅमिकच्या दुसऱ्या कडीवर घासत फिरते. दोघींमध्ये कूलंटचा अतिशय पातळ थर असतो. तोच थर त्यांना वंगण देतो आणि थंडही ठेवतो. म्हणजे सील कूलंट अडवतं आणि जगतंही कूलंटवरच. पंपात पाणी नसताना इंजिन थोडा वेळ जरी चालवलं, तरी या कड्या कोरड्या घासून खराब होतात. सील आणि बेअरिंग यांच्यामध्ये पंपाच्या अंगावर एक बारीक छिद्र मुद्दाम ठेवलेलं असतं. सीलमधून निसटलेलं पाणी बेअरिंगमध्ये शिरण्याआधी तिथून बाहेर पडावं, हा त्याचा हेतू. त्या छिद्रापाशी सुकलेला पुसट डाग चालतो. तिथून थेंब पडायला लागले, तर सील गेलं असं समजावं.

रेडिएटरच्या झाकणाचाही या कामात वाटा आहे. साधं पाणी १०० अंशांना उकळतं. पाणी आणि इथिलीन ग्लायकॉल निम्मं-निम्मं असेल तर १०६-१०७ अंशांना. झाकणाने वातावरणाहून एक बार जास्त दाब राखला, तर हीच मर्यादा १२५ अंशांच्या पुढे जाते. झाकणाची स्प्रिंग किंवा रबर गेलं की दाब टिकत नाही, कूलंट लवकर उकळतं आणि दोष मात्र पंपाला लागतो.

पंपाविना चालणाऱ्या गाड्याही होत्या. १९०८ साली आलेल्या फोर्डच्या ‘मॉडेल टी’मध्ये सुरुवातीच्या काही गाड्यांनंतर कंपनीने पंप काढूनच टाकला. गरम पाणी वर चढतं, थंड खाली येतं, एवढ्या बळावर ती इंजिनं थंड होत. त्यांची ताकद २० अश्वशक्तीच्या आसपास होती म्हणून ते जमलं. आजच्या इंजिनांच्या ताकदीला तो उपाय पुरणार नाही.

पंप मरतो कशाने

निकामी पंप हातात घेऊन पाहिला तर तो बरंच सांगतो. छिद्राखाली पांढरी किंवा कूलंटच्या रंगाची खरखरीत पुटं असली, तर सील बरेच दिवस पाझरत होतं. पात्यांच्या कडा खाल्लेल्या, पृष्ठभागावर मुंगीने टोकरल्यासारखे खड्डे असले, तर पाण्यात बुडबुडे तयार होऊन पात्यांवर फुटत होते. कमी पाणी, कमकुवत झाकण किंवा तुंबलेला पाइप ही त्याची नेहमीची कारणं. आतून तांबूस गाळ निघाला तर गाडीत कूलंटऐवजी साधं पाणी फिरत होतं आणि लोखंड गंजत होतं. शाफ्ट एका अंगाला झिजला असेल तर पट्टा अति ताणलेला होता किंवा टेन्शनर वाकडा ओढत होता. गॅस्केटच्या जागी सिलिकॉनचे लोंबते तुकडे असले, तर मागच्या वेळी हात सैल सोडून ट्यूब वापरलेली होती. तेच तुकडे सुटून सीलमध्ये किंवा रेडिएटरच्या नळ्यांत अडकतात.

आपल्याकडे सगळ्यात मोठा गुन्हेगार म्हणजे पाणी. बोअरच्या जड पाण्यातले क्षार गरम भागांवर थर धरतात आणि सीलच्या गुळगुळीत कड्यांवर ओरखडे काढतात. क्लोराइडमुळे ॲल्युमिनियमला खड्डे पडतात. कूलंट आपल्याकडच्या हवेत गोठण्यापासून वाचायला लागत नाही, म्हणून त्याची गरज नाही, हा समज फार पसरलेला आहे. कूलंटमध्ये गंजरोधक रसायनं असतात, ते उत्कलनबिंदू वाढवतं आणि सीलला वंगण देतं. चंद्रपूर-नागपूरच्या उन्हाळ्यात ही तिन्ही कामं लेह-लडाखइतकीच लागतात.

निदानाचा क्रम

चांगला मेकॅनिक स्वस्त आणि सोप्या तपासणीपासून सुरुवात करतो. पहिला प्रश्न : गाडी तापते केव्हा? सिग्नलला उभी असताना तापते आणि रस्त्याला लागली की निवते, तर आधी रेडिएटरचा पंखा, त्याचा फ्यूज आणि रिले पाहावा. वेगात किंवा चढावर तापते, तर रेडिएटर तुंबलेला असेल किंवा पाणी पुरेसं फिरत नसेल. कधीही आणि पटकन तापते, तर पाण्याची पातळी, थर्मोस्टॅट, पंप आणि हेड गॅस्केट हे चौघेही संशयित.

दुसरा प्रश्न : पाणी कमी होतंय का, आणि जातंय कुठे? रात्री गाडीखाली पुठ्ठा टाकून ठेवावा. एसीचं पाणी स्वच्छ आणि बिनवासाचं असतं. कूलंट रंगीत, बोटाला बुळबुळीत आणि किंचित गोडसर वासाचं असतं. तो वास ओळखीचा ठेवावा, चव मात्र कधीही घेऊ नये. इथिलीन ग्लायकॉल विषारी आहे. कुत्री-मांजरं गोडीमुळे ते चाटतात आणि मरतात, म्हणून सांडलेलं कूलंट पाण्याने धुऊन टाकावं आणि काढलेलं उघड्यावर ओतू नये.

गळती दिसत नसेल तर दाबाची तपासणी करावी. इंजिन थंड असताना झाकणाच्या जागी हातपंप बसवायचा, झाकणावर छापलेल्या दाबापर्यंत हवा भरायची आणि काटा स्थिर राहतो का ते दहा-पंधरा मिनिटं पाहायचं. काटा उतरत असेल तर टॉर्च घेऊन एकेक सांधा बघायचा. पंप गुन्हेगार असेल तर छिद्रातून थेंब तयार होताना दिसतो. पंप टायमिंग कव्हरच्या आत असेल तर कव्हरच्या खालच्या कडेला ओल येते. काटा उतरतोय पण बाहेर कुठेच ओल नाही, तर पाणी आत जातंय. तेव्हा झाकणाच्या जागी रसायनाची चाचणी करावी. सिलिंडरमधला वायू कूलंटमध्ये येत असेल तर निळं रसायन पिवळं पडतं आणि प्रकरण हेड गॅस्केटचं आहे हे कळतं. ही चाचणी पंप बदलण्याआधी करायची असते. प्रत्यक्षात ती बऱ्याचदा नंतर होते.

तिसरा प्रश्न आवाजाचा. बेअरिंग जायला लागलं की घरघर येते आणि इंजिनच्या फेऱ्यांबरोबर तिचा सूर बदलतो. पण अल्टरनेटर, टेन्शनर आणि एसीची पुलीही असाच आवाज करतात. इंजिन बंद करून पट्टा काढावा आणि प्रत्येक पुली हाताने फिरवावी. पंपाची पुली वर-खाली धरून हलवून पाहावी. जाणवण्याइतका प्ले असेल किंवा फिरवताना खरखर लागत असेल, तर पंप बदलायचा. जिथे पंप टायमिंग बेल्टवर आहे तिथे हा प्रयोग घरी करू नये.

सगळ्यात फसवा प्रकार म्हणजे गळती नाही, आवाज नाही, तरीही गाडी तापते. काही पंपांत प्लास्टिकचा इंपेलर शाफ्टवर सैल होतो. पुली फिरते, इंपेलर नीट फिरत नाही. पात्या पूर्ण झिजल्या असल्या तरी हेच होतं. इथे थर्मोस्टॅटशी गल्लत होते, कारण तो बंद अडकला तरीही वरचा पाइप गरम आणि खालचा थंड लागतो. म्हणून आधी थर्मोस्टॅट काढून पातेल्यात थर्मामीटरसह तापवावा. त्याच्यावर कोरलेल्या तापमानाच्या आसपास, बहुतेकदा ८२ ते ८८ अंशांना, तो उघडायला लागला पाहिजे. तो चांगला निघाला, रेडिएटर मोकळा असला, पातळी पुरेशी असली आणि तरीही हीटर उभ्या गाडीत थंड, रेस केल्यावर गरम हवा देत असला, तर पंप काढून बघण्याला आधार मिळतो.

थर्मोस्टॅट काढून टाकून गाडी चालवण्याची जुनी पद्धत मात्र सोडून द्यायला हवी. त्यामुळे इंजिन योग्य तापमानाला पोहोचत नाही, इंधन जास्त जळतं आणि आजाराची खूण झाकली जाते.

वादाचे मुद्दे

पहिला वाद : चालू पंप आधीच बदलावा का? उत्तर इंजिनावर ठरतं. रेनोच्या १.५ लिटर डिझेल इंजिनात, जे डस्टरमुळे आपल्याकडे माहीत झालं, पंप टायमिंग बेल्टवर फिरतो. फोक्सवॅगनच्या पोलो-व्हेंटोमधल्या १.६ लिटर डिझेललाही तेच लागू. अशा इंजिनात बेल्ट बदलायच्या वेळी पंप, टेन्शनर आणि आयडलर एकत्रच बदलावे, याबद्दल मला शंका नाही. मजुरी एकदाच लागते. पंप अडकला तर बेल्टचे दात सरकतात, व्हॉल्व्ह पिस्टनवर आदळतात आणि इंजिन उघडावं लागतं. याउलट फियाटच्या १.३ मल्टीजेटमध्ये, म्हणजे स्विफ्ट डिझेलसह कितीतरी गाड्यांत आलेल्या इंजिनात, टायमिंग चेनवर चालतं आणि पंप बाहेरच्या पट्ट्यावर असतो. तिथे चांगला पंप नुसत्या किलोमीटरवरून बदलण्याची गरज नाही.

याच्या दुसऱ्या टोकाला अमेरिकेतलं एक उदाहरण आहे. फोर्डच्या ३.५ लिटर व्ही-६ इंजिनाच्या आडव्या बसवलेल्या आवृत्तीत पंप टायमिंग चेनच्या आवरणातच बसवला. सील गेलं तर कूलंट ऑइलमध्ये उतरू शकतं आणि बेअरिंगसकट इंजिनच धोक्यात येतं. पंप कुठे बसवलाय यावर बिघाडाची किंमत कशी बदलते, हे यातून कळतं.

दुसरा वाद : कंपनीचा की लोकल? खोका पाहून निवाडा करू नये. गाडी बनवणाऱ्या कंपनीला पुरवठा करणाऱ्या उत्पादकाचा पंप बाजारात त्याच्याच नावाने कमी किमतीत मिळतो आणि तो उत्तम असतो. नाव नसलेल्या पंपात बेअरिंग आणि सील यांवर बचत केलेली असते, आणि ती बाहेरून दिसत नाही. इंपेलर धातूचा की प्लास्टिकचा, हा वादही असाच. प्लास्टिकचे जुने इंपेलर फुटल्याचे अनुभव खरे आहेत, पण चांगल्या दर्जाचं प्लास्टिक गंजत नाही. पत्र्याचा घडीव इंपेलर धातूचा असूनही गंजून जातो.

तिसरा वाद : जुना पंप दुरुस्त करावा का? पद्मिनी आणि ॲम्बेसेडरच्या काळात मेकॅनिक बेअरिंग आणि सीलचं किट आणून पंप नवा करत. ट्रकच्या पंपांसाठी अशी किट आजही मिळतात. कारच्या सीलबंद पंपात मात्र मजुरी आणि जोखीम धरता नवाच परवडतो.

चौथा वाद कूलंटच्या रंगाचा. हिरवं, लाल, निळं, गुलाबी हे रंग उत्पादक आपापल्या मर्जीने देतात. महत्त्वाची असते रसायनांची जात. जुन्या पद्धतीचं कूलंट साधारण दोन वर्षं टिकतं, सेंद्रिय आम्लांवर आधारलेलं चार-पाच वर्षं. दोन जाती मिसळल्या की गंजरोधक ताकद घटते, काही वेळा गाळही धरतो. बाटलीवर आयएस ५७५९ सारखं मानक आहे का ते पाहावं आणि गाडीच्या पुस्तिकेत सांगितलेली जात घ्यावी. गळती बंद करणाऱ्या पुड्यांपासून दूर राहावं. सील त्यांनी जुळत नाही, रेडिएटरच्या बारीक नळ्या मात्र बुजतात.

बदलताना

काम थंड इंजिनावर. पट्टा कसा फिरवलेला आहे याचा आधी फोटो घ्यावा. टायमिंग बेल्टच्या इंजिनात क्रँक आणि कॅम लॉक केल्याशिवाय बेल्टला हात लावू नये. बोल्ट काढताना पुठ्ठ्यावर पंपाचं चित्र काढून ज्या जागेचा बोल्ट त्या जागी खोचून ठेवावा. त्यांची लांबी वेगवेगळी असते आणि लांब बोल्ट आखूड भोकात आवळला तर ब्लॉकच फुटू शकतो.

जुना आणि नवा पंप शेजारी ठेवून उंची, भोकं, पुलीची जागा आणि पात्यांची दिशा जुळवावी. एकसारख्या दिसणाऱ्या दोन पंपांत फिरण्याची दिशा उलटी असू शकते. बसवायची जागा साफ करताना ॲल्युमिनियमवर ओरखडे पडू देऊ नयेत. रबरी रिंग असेल तर तिला थोडं कूलंट लावावं, सिलिकॉन नाही. कागदी पॅकिंग असेल तर पुस्तिका सांगेल तसं. पुली हातोड्याने ठोकून बसवली की नव्या बेअरिंगचं आयुष्य तिथेच कमी होतं. बोल्ट समोरासमोर आणि टप्प्याटप्प्याने आवळावेत. सहा मिलिमीटरच्या बोल्टला साधारण १० न्यूटन-मीटर पुरतात, म्हणून टॉर्क रेंच वापरावा.

सगळ्यात जास्त घाई होते ती पाणी भरताना. आधी जुना गाळ धुऊन काढावा. मग डिस्टिल्ड पाणी आणि कूलंट पुस्तिकेतल्या प्रमाणात मिसळून, किंवा तयार मिश्रण, सावकाश भरावं. हीटर पूर्ण गरमवर ठेवावा, एअर काढायचा स्क्रू असेल तर बुडबुडे थांबेपर्यंत उघडा ठेवावा, आणि पाणी भरल्यावरच इंजिन सुरू करावं. नव्या पंपाच्या छिद्रातून सुरुवातीला एखाद-दोन थेंब येऊ शकतात, कारण सीलच्या कड्या एकमेकींना बसत असतात. ते लवकर थांबले पाहिजेत. दुसऱ्या दिवशी थंड गाडीत पातळी पाहावी आणि आठवड्याने पुन्हा.

रस्त्यात काटा चढला तर

चांगल्या इंजिनाचं सगळ्यात जास्त नुकसान इथे होतं. पंप गेला म्हणून हेड वाकत नाही. पंप गेल्यावर ‘पुढच्या पेट्रोल पंपापर्यंत जाऊ’ म्हणून गाडी दामटली की ते वाकतं. कसारा किंवा खंबाटकी चढताना कमकुवत पंप उघडा पडतो, कारण भार जास्त, वेग कमी आणि रेडिएटरला वारा कमी. पंपाचा वेग इंजिनच्या फेऱ्यांना बांधलेला असल्यामुळे वरच्या गिअरमध्ये कण्हत चढणाऱ्या गाडीत पाणीही कमी फिरतं. म्हणून गिअर खाली घ्यावा, एसी बंद करावा, हीटर पूर्ण गरमवर लावावा. तरीही काटा उतरत नसेल तर बाजूला घेऊन इंजिन बंद करावं.

एक धोका फार थोड्यांना माहीत असतो. पाणी पूर्ण निघून गेलं की सेन्सर पाण्याऐवजी वाफेत किंवा हवेत उरतो आणि काटा खाली येऊ शकतो. आधी चढलेला काटा अचानक उतरला आणि हीटरमधून थंड हवा यायला लागली, तर गाडी तिथेच थांबवावी. अनेक छोट्या गाड्यांत काटाच नसतो, नुसता लाल दिवा असतो. तो लागला की पुढचा एक किलोमीटरही महाग पडू शकतो.

गरम असताना झाकण उघडू नये. दाबाखालचं शंभरीपार गेलेलं पाणी झाकण सैल होताच वाफ होऊन चेहऱ्यावर येतं. अर्धा-पाऊण तास थांबावं. वरचा पाइप हाताने दाबता येईल इतका निवल्यावर फडका धरून उघडावं. तापलेल्या इंजिनात गार पाणी एकदम ओतू नये, धातूला तडा जाऊ शकतो. साधं पाणी अडचणीत चालतं. घरी पोहोचल्यावर ते काढून कूलंट भरणं मात्र टाळू नये.

पुढचा काळ

पट्ट्यावरचा पंप हळूहळू मागे पडतोय. बीएमडब्ल्यूने या शतकाच्या पहिल्या दशकातच विजेचा पंप आणला आणि २००९ मध्ये आलेल्या टोयोटा प्रियसमध्ये इंजिनावर पट्टाच उरला नाही. नेक्सॉन ईव्हीसारख्या गाड्यांत इंजिन नाही, पण बॅटरी द्रवानेच थंड होते आणि तिथेही पंप आहे. तो बहुतेकदा थेंब न गाळता, घरघर न करता बंद पडतो. त्याचं निदान स्कॅनरवरचा कोड, पंपाला मिळणारा करंट आणि वायरिंग पाहून होतं. कूलंट मात्र तिथेही पुस्तिकेत सांगितलेलंच लागतं, आणि तिथे साधं पाणी घालण्याची चूक इंजिनापेक्षाही महाग ठरू शकते.

या साऱ्यातून मालकासाठी तीन मागण्या निघतात, आणि त्या प्रत्येकाने कराव्यात असं मला मनापासून वाटतं. पंप बदलण्याआधी दाबाची चाचणी केली का, हे विचारावं. जुना पंप परत मागून छिद्र, पात्या आणि शाफ्ट पाहावा. आणि बिलावर ‘वॉटर पंप बदलला’ याच्यापुढे तो का गेला, हे एका ओळीत लिहून मागावं. जो मेकॅनिक ही ओळ लिहू शकतो, त्याने काम पूर्ण केलं आहे. त्याला त्याच्या मजुरीचे पूर्ण पैसे द्यावेत आणि पुढच्या वेळीही गाडी त्याच्याकडेच न्यावी.